उजव्या डोळ्याचे अकरा दिवस

चहाचा कप तोंडाशी नेता नेता ती थांबली. समोरच्या भिंतीवर तिची तीन चित्रं होती, तिच्याच हातची, गेल्या सहा-सात वर्षांतली. तिन्ही करड्या भिंतींची. करडी भिंत, तिच्यावर उन्हाचा एक तुकडा, बस्स. आज त्या भिंती निळ्या होत्या. निळसर म्हणावं इतपत नव्हे, तर पांढऱ्या कपड्यांना नीळ जास्त झाली की ते जसे दिसतात तशा, केकाटणाऱ्या निळ्या. डाव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन दहा दिवस झाले होते. इतके दिवस ती काळा चष्मा लावून आतल्या खोलीत पडून होती, दर चार तासांनी नवरा डोळ्यात थेंब घालत होता, आणि आज सकाळीच डॉक्टरीणबाईंनी चष्मा काढायची परवानगी दिली होती. "ही चित्रं कुणी बदलली?" तिने विचारलं. नवरा पेपर वाचत होता. "कोण बदलणार? टांगल्यापासून तिथंच तर आहेत." "मग अशी का दिसतात?" "कशी?" तो म्हणाला. हे 'कशी' जरा जास्तच पटकन आलं. आणि ते विचारताना त्याने चित्रांकडे बघितलं नाही, तिच्याकडे बघितलं. चित्रांबद्दल विचारल्यावर माणूस आधी चित्रांकडे बघतो. आयुष्यभर माणसं कुठे बघतात हेच बघत आलेल्या बाईच्या नजरेतून एवढी गोष्ट सुटणं शक्य नव्हतं. तिने कप खाली ठेवला आणि तळहाताने डावा डोळा झाकला. उरला उजवा, जुना, ज्याचं ऑपरेशन अजून अकरा दिवसांनी होतं. चित्रं पुन्हा करडी झाली. शांत, समजूतदार, तिने काढली होती तशी. मग उजवा झाकला. केकाट. पुन्हा डावा. शांत. "काय चाललंय?" नवऱ्याने विचारलं. "काही नाही," ती म्हणाली, आणि लग्नाच्या पस्तीस वर्षांत पहिल्यांदाच तिला वाटलं की या माणसाशी जरा हातचं राखून बोलावं.

डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं की काही दिवस सगळं निळं वाटेल, मग सवय होईल. त्यामुळे पहिला संशय तिने नव्या डोळ्यावरच घेतला. परक्याचं भिंग आत बसवलंय, ते खोटं बोलत असणार. पण मग दूध पांढरं का दिसत होतं? खिडकीची चौकट, टॉवेल, नवऱ्याचे केस, सगळं पांढरं ते पांढरंच होतं, उलट उजव्या डोळ्याला ते पिवळट, चहा सांडल्यासारखं दिसत होतं. निळी होती ती फक्त तिची चित्रं. म्हणजे डोळा खोटा नव्हता. हा विचार आला आणि तिच्या पायाखालची जमीन थोडी सरकली, कारण तिने तीस वर्षं केलं काय होतं? तिने चौदा लहान लहान सिनेमे काढले होते, ज्यांत गोष्ट नाही, माणसं नाहीत, नुसतं बघणं आहे. पहिल्या सिनेमात अकरा मिनिटं एकच खुर्ची होती, तिच्यावरचा उजेड इतका हळू बदलणारा की शेवटी बघणाऱ्याला खुर्ची आहे की नाही याचीच शंका यावी. अर्धे लोक उठून गेले. तिचा भाऊ शेवटपर्यंत बसला आणि बाहेर आल्यावर म्हणाला, "ताई, खुर्ची छान होती." पुढे मात्र लोक उठेनासे झाले, तिच्यावर लेख आले, कलाशाळांतून बोलावणी आली, आणि प्रत्येक ठिकाणी ती मुलांना सांगत गेली की डोळ्यावर विश्वास ठेवू नका, डोळा फितूर असतो. हे सांगताना तिने आपला स्वतःचा डोळा गुपचूप त्यातून वगळला होता. ती सात वर्षांची असताना आईने तिच्यासाठी स्वेटर विणला. ती म्हणाली निळा आहे. आई म्हणाली, हिरवा. वडील, आजी, शेजारची काकू, सगळ्यांना बोलावून विचारण्यात आलं आणि सगळ्यांनी हिरवा म्हणून हसून घेतलं. ती रडली नाही. तिने दोन थंडीचे मोसम तो स्वेटर निळा म्हणूनच घातला. बहुमतावरचा तिचा विश्वास तेव्हाच उडाला आणि त्या जागी जो बसला तो हा डोळा, हट्टी, एकटा, कुणालाही न विचारणारा.

दुपारी नवरा पासबुक घेऊन बँकेत गेल्यावर तिने पडदे ओढून घेतले आणि आपला शेवटून दुसरा सिनेमा लावला. आईच्या खोलीचा. आई गेल्यावर खोली रिकामी करायच्या आदल्या दिवशी तिने तिथे कॅमेरा लावून ठेवला होता: एक पलंग, एक भिंत, आणि भिंतीवरून सरकत जाणारं ऊन, चाळीस मिनिटं. उजवा डोळा झाकून, नव्या डोळ्याने ती बघत राहिली. श्वास रोखूनच बसली होती. चित्रांसारखाच हाही निळीत बुडालेला निघणार. पण नाही. चुना चुन्याच्या रंगाचा होता. लाकूड लाकडाच्या. ऊन हलकं, खरं, सकाळी साडेनऊचं. तिने सुटकेचा श्वास टाकला, दुसरा लावला, तिसरा लावला. सगळे नीटनेटके. तिला बरं वाटलं, आणि ते बरं वाटणं जेमतेम दहा मिनिटं टिकलं. मग मनात पाल चुकचुकली. चित्रंही याच वर्षांतली, सिनेमेही याच वर्षांतले. डोळा तोच. मन तेच. ज्या डोळ्याने करडं समजून निळं फासलं, त्याच डोळ्याने सिनेमांचे रंग ठरवले होते. चित्रं इतकी चुकली, तर सिनेमे बरोबर कसे? चित्रांना तिच्याशिवाय कुणाचा हात लागला नव्हता. म्हणजे सिनेमांना लागला होता. चोर घरात शिरून सामान उचकटून जातो तेव्हा निदान कळतं तरी. इथे कुणीतरी येऊन सगळं जागच्या जागी लावून गेलं होतं, आणि तिने सात वर्षं त्याबद्दल टाळ्या घेतल्या होत्या.

एकदा संशय घरात शिरला की तो चपला काढून बसतो, उठायचं नाव घेत नाही. तिने कपाट उघडलं. डावीकडे काळे कपडे, उजवीकडे गडद निळे, मधे पांढऱ्यांची एक थप्पी, कुंपणासारखी. ही मांडणी नवऱ्याची. नवरा गणिताचा शिक्षक, सगळं आयुष्य स्वतःचे मोजेही न शोधता काढलेला, पण सात वर्षांपूर्वी एकाएकी तो कपड्यांच्या घड्या घालायला लागला, ती कार्यक्रमाला निघाली की पलंगावर कपडे काढून ठेवायला लागला. तिला वाटलं, उतारवयातलं प्रेम. तिने मैत्रिणींना कौतुकाने सांगितलंसुद्धा होतं. आता त्या घड्यांकडे बघताना तिला वाटलं की आपल्याला कुणीतरी सात वर्षं हाताला धरून रस्ता ओलांडवत होतं आणि आपण समजत होतो की हात प्रेमाने धरलाय. नवरा परत आला तेव्हा ती कपाटासमोरच बसली होती. "तुला कधीपासून माहीत होतं?" तिने विचारलं. त्याने पिशवी खाली ठेवली. 'कशाबद्दल?' असं विचारलं नाही, तेवढा प्रामाणिक तो होता. "तू करडा म्हणून तो कोट आणलास ना," तो म्हणाला, "तो जांभळा होता." "मी तो दोन वर्षं घातला." "घातलास." "आणि तू बोलला नाहीस." "बोललो होतो. डोळे दाखवू या म्हणालो होतो. तू म्हणालीस, माझ्या डोळ्यांबद्दल बोलायचं नाही. मग चार दिवस तू कशाबद्दलच बोलली नाहीस." हे खरं होतं, आणि खरं होतं म्हणूनच तिला जास्त राग आला. "आणि सिनेमे?" नवऱ्याने खिडकीबाहेर बघितलं. "ते मास्तरला विचार."

मास्तर म्हणजे तिच्या सिनेमांना रंग लावणारा माणूस. चित्रीकरण झालं, कापाकापी झाली, की शेवटी कुणीतरी यंत्रावर बसून एकेक दृश्याचा रंग ठरवावा लागतो: सावली किती काळी, कातडी किती तांबूस, आभाळ किती निळं. वीस वर्षं हे काम त्याने केलं होतं. तो कुणाचाच मास्तर नव्हता, पण एका मुलाखतीत ती त्याला मास्तर म्हणाली आणि ते चिकटलं. त्याच्या खोलीला खिडकी नव्हती. भिंती करड्या, खुर्ची करडी, आणि तो स्वतः कायम करड्या शर्टात, कारण रंगीत शर्टाचा उजेड पडद्यावर पडतो. ती पुढचे पाच दिवस तिथे गेलीच नाही. रोज ठरवायची आणि रोज काहीतरी काढायची. खरं म्हणजे तिला आपण काय विचारणार हे ठाऊक होतं आणि तो काय सांगणार हेही, आणि या दोन्हींच्या मधे सात वर्षांचं आपलं काम बारीक होत चाललेलं तिला दिसत होतं. सहाव्या दिवशी सकाळी ती गेली. मास्तरने तिच्या डोळ्याकडे बघितलं, मग खाली बघितलं, आणि चहा सांगायला उठला. "बसा," ती म्हणाली. तो बसला. "माझ्या पाठीमागे तुम्ही काय केलंत?"

"बाई," तो म्हणाला. "तुम्ही निळा वाढवायला सांगायचात. मी वाढवायचो. तुम्ही म्हणायचात, अजून. मी अजून वाढवायचो. मग तुम्ही म्हणायचात, आता बरोबर, आणि घरी जायचात. तुम्ही गेलात की मी खाली आणायचो."

"समोर का नाही सांगितलंत?"

"पहिल्या वेळी सांगितलं होतं. तुम्ही म्हणालात, मास्तर, डोळे तपासून घ्या." तो किंचित हसला. "मी तपासूनही आलो. चांगले निघाले."

तिला हसू आलं नाही. तिला आठवत होत्या त्या सगळ्या सभागृहांतल्या मारामाऱ्या. प्रत्येक खेळाला ती मागच्या केबिनमध्ये जाऊन प्रोजेक्टर चालवणाऱ्याला झापायची की तुमचा दिवा जुना झालाय, सगळं पिवळं पडतंय, माझा सिनेमा असा नाही. बिचारी माणसं नवे दिवे दाखवायची, शपथा घ्यायची. एकाला तिने रडवलं होतं. आणि दर वेळी मास्तर तिथे कोपऱ्यात उभा, हाताची घडी घालून, खाली मान. तिला वाटायचं, तो आपल्या बाजूने उभा आहे. "तुम्ही त्या लोकांना शिव्या खाऊ दिल्यात," ती म्हणाली. "दिल्या," तो म्हणाला. "त्याची मला लाज आहे. बाकीच्याची नाही." मग तो उठला आणि कपाटातून एक खोका काढून तिच्यासमोर ठेवला. त्यात हार्ड डिस्क होत्या, प्रत्येकीवर चिकटपट्टी, चिकटपट्टीवर सिनेमाचं नाव आणि खाली लहान अक्षरात 'बाईंची'. तिने प्रत्येक वेळी 'आता बरोबर' म्हटलं त्या क्षणाची प्रत त्याने जशीच्या तशी ठेवली होती. "यातलं मी काही पुसलेलं नाही. संग्रहालयाला शेवटच्या प्रती द्यायच्यात ना तुम्हाला? तुम्ही म्हणाल ती देऊ." संग्रहालयाचं पत्र येऊन महिना झाला होता. ते चौदाही सिनेमे कायमचे जपून ठेवणार होते. एकदा प्रती दिल्या, तिने कागदावर सही केली, की मग तिच्या नावाने जगात तेच राहणार होतं, दुसरं काही नाही.

"आईची खोली लावा," ती म्हणाली. "माझी."

आधी तिने नव्या डोळ्याने बघितली, आणि दोन मिनिटांत मान फिरवली. ते बघवत नव्हतं. आईची खोली शाईच्या दौतीत बुडवून काढल्यासारखी होती. मग तिने डावा डोळा झाकला, आणि खोली परत आली. नुसती परत आली नाही, ती मास्तरच्या प्रतीपेक्षा खोल होती. उजेडाला अंग होतं. आणि तेविसाव्या मिनिटाला, पलंगाच्या डोकीशी, भिंतीवर जिथे आई वर्षानुवर्षं डोकं टेकून बसायची आणि चुन्यावर एक फिकट डाग पडला होता, तिथे ऊन पोचलं. डाग हळूहळू निळसर झाला, भरत गेला, भिंतीपासून सुटा झाला. कुणीतरी झोपेतून उठून बसावं तसा. तीन मिनिटं ती सावली तिथे बसून होती. मग ऊन सरकलं आणि पुन्हा नुसती भिंत. या तीन मिनिटांसाठी तिने तो अख्खा सिनेमा केला होता. त्या सिनेमावर लोकांनी भरभरून लिहिलं, रिकामेपणाबद्दल, अनुपस्थितीबद्दल, पण या सावलीबद्दल कुणी एक अवाक्षर काढलं नव्हतं. तिला वाटायचं, लोकांना ती इतकी भिडली की बोलवत नाही. नवरा पहिल्या खेळानंतर घरी जाताना गप्प होता, तेव्हा तिने त्याचा हात दाबला होता. आता कळलं. कुणी बघितलीच नव्हती. मास्तरने निळा खाली आणला तेव्हा ती भिंतीत परत गेली होती. सात वर्षांत ती सावली एकाच माणसाने पाहिली होती, एकाच खोलीत, एकाच पडद्यावर. आणि आता ती सावली बघू शकणारा तिचा एकच डोळा उरला होता, तोही पाच दिवसांसाठी.

"कसा दिसतो?" मास्तरने विचारलं. तो पडद्याकडे बघतच नव्हता, तिच्याकडे बघत होता. "मला तर नुसता निळा दिसतो. मी सात वर्षं अंदाजाने खाली आणत आलो, बाई. तुम्हाला काय दिसत असेल याच्या अंदाजाने. किती जवळ होतो मी?" इतका वेळ ती त्याच्यावर संशय घेत होती. आता तिला दिसलं की या क्षणी ती काहीही सांगू शकते आणि त्याला ते मानण्याशिवाय इलाज नाही. त्याच्या कपाळावर घाम होता. "जवळ होतात," ती म्हणाली. "अगदी जवळ." आणि पर्स उचलून बाहेर पडली. बाहेर बोळात ती चप्पल घालत होती तेव्हा आतून यंत्राचा आवाज आला. त्याने सिनेमा मागे नेला. थांबवला. पुन्हा मागे नेला. दाराच्या फटीतून तिने बघितलं: पडद्यावर तीच भिंत, तेविसावं मिनिट, आणि मास्तर पडद्याला नाक लावून उभा, एक डोळा हाताने झाकून. मग दुसरा झाकून. त्याने तिच्यावर विश्वास ठेवला नव्हता. तिने कुठे श्वास धरला ते त्याने बघून ठेवलं होतं. सांत्वनासाठी बोललेलं खोटं इतक्या लवकर उघडं पडताना बघून तिला शरमही वाटली आणि एक विचित्र आधारही. या माणसाच्या डोळ्यात धूळ फेकणं सोपं नव्हतं. ती परत आत गेली, खुर्ची ओढली. "मास्तर, तिथे आई आहे," ती म्हणाली. "तुमच्या प्रतीत नाही."

"मूळ चित्रीकरणात तिथे फक्त डाग आहे," तो म्हणाला. "मी शंभर वेळा बघितलंय." "असेल." "म्हणजे ती खोलीत नव्हती, बाई. ती तुमच्या..." त्याने स्वतःच्या डोळ्याकडे बोट नेलं आणि अर्ध्यातच थांबवलं. हा विचार तिच्याही मनात येऊन गेला होता. आईची सावली भिंतीवर होती की डोळ्यातल्या पिवळ्या पडलेल्या भिंगावर? ज्याला ती बघणं समजत होती तो आजार होता का? याचं उत्तर द्यायला वेळ नव्हता. "माझ्याकडे पाच दिवस आहेत," ती म्हणाली. "उजव्या डोळ्याने माझी प्रत दिसते. डाव्याने तुमची. डाव्याला तेच दिसेल अशी तीन मिनिटं आपण करू या. निळा वाढवून नाही. दुसरं काहीतरी करून."

मग ते बसले. रोज सकाळी नऊला ती यायची, दवाखान्याने दिलेली झापड आधी डाव्या डोळ्यावर लावायची आणि एका पडद्यावर आपली प्रत बघायची, मग झापड उजव्यावर घेऊन दुसऱ्या पडद्यावर मास्तर काय करतोय ते. "गडद नको, जड करा." "जड म्हणजे कसं, बाई?" "ओल्या कपड्यासारखं." तो काहीतरी फिरवायचा. "हे?" "हा झाला डाग. मला माणूस पाहिजे." झापड इकडून तिकडे करून तिच्या कानामागची कातडी सोलवटली. डोकं ठणकायचं. दुसऱ्या दिवशी दोघं भांडले, तिसऱ्या दिवशी एकमेकांशी बोलले नाहीत, तरी काम चालू राहिलं. नवरा डबा घेऊन यायचा आणि दारातूनच परत जायचा. चौथ्या दिवशी मास्तरने भिंतीला हात न लावता उशीचा पांढरा थोडा उबदार केला, आणि डाव्या डोळ्यासमोर, अगदी काठावर, काहीतरी उठून बसल्यासारखं झालं. तिने झापड बदलली. पुन्हा बदलली. तीच नव्हती. पण तिची बहीण म्हणून खपली असती. पाचव्या दिवशी संध्याकाळी ती म्हणाली, "इथे थांबा. आता हलवू नका." मास्तरने यंत्र बंद केलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तिच्या उजव्या डोळ्यातलं ते पिवळं भिंग काढून टाकलं गेलं. पंधरा मिनिटांचं काम. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, त्रास नाही ना झाला? ती म्हणाली, नाही.

संग्रहालयाची मुलगी कागद घेऊन मास्तरच्या खोलीत आली तेव्हा ऑपरेशनला बारा दिवस झाले होते. तेरा सिनेमे लोकांनी आजवर बघितले तसे, आणि आईची खोली या नव्या प्रतीची, असं ठरलं होतं. सही करण्याआधी तिने तेविसावं मिनिट लावायला सांगितलं. दोन्ही डोळे उघडे ठेवून ती बघत राहिली. ऊन डागापाशी पोचलं. काहीतरी झालं. भिंत थोडी भरली, थोडी पुढे आली. पण हे तेच होतं का? ताडून बघायला आता काही नव्हतं. 'बाईंची' लिहिलेली प्रत आता दोन्ही डोळ्यांना नुसतीच शाई दिसत होती. मधल्या बारा दिवसांत ही खोली मास्तरच्या एकट्याच्या ताब्यात होती. बारा दिवसांत माणूस काय काय खाली आणू शकतो. "मास्तर, आपण ठेवलं होतं तेच आहे ना हे?" "तेच आहे, बाई." वीस वर्षं तो याच आवाजात 'तेच आहे' म्हणत आला होता. तिने त्याच्या चेहऱ्याकडे बघितलं. नव्या डोळ्यांना तो म्हातारा दिसत होता, इतका की तिला दचकायला झालं. त्यात खोटं शोधायला गेली तर खोटं सापडलं असतं, खरं शोधायला गेली तर खरं. मुलगी पेन उघडून थांबली होती. पडद्यावर ती तीन मिनिटं संपत आली होती. "तुम्हाला ती दिसते?" तिने विचारलं.

त्याला 'हो' म्हणणं किती सोपं होतं हे तिला माहीत होतं. तिला बरं वाटलं असतं, मुलीने मान डोलावली असती, सगळे वेळेवर घरी गेले असते. मास्तरने पडद्याकडे बघितलं, अगदी शेवटपर्यंत, ऊन भिंतीवरून उतरेपर्यंत.

"नाही, बाई," तो म्हणाला. "मला नाही दिसत."

तिने मुलीच्या हातातून पेन घेतलं आणि सही केली.